रुसव्याचा दगड

(वाडीच्या फाट्यावर एक सपाट दगड. शेजारी नुकताच रंगवायला घेतलेला फलक. जरा पुढे सामान भरलेला टेम्पो.)

ताई : पुसून टाक ते! ‘शूरवीर मूळपुरुष’ म्हणे! आपला पणजोबा कोंबडीला घाबरायचा.

धाकटा : ताई, परक्या माणसासमोर तरी नको गं. पेंटर, तुम्ही लिहा. ‘शूरवीर मूळपुरुषाने घनदाट जंगल तोडून ही वाडी वसवली.’

पेंटर : काका, माझा ‘शू’ काढून झालाय. पुढचं लिहू की आहे ते पुसू, बहीणभाऊ मिळून एकदाचं ठरवा. रंग वाळायला लागला.

ताई : कसलं जंगल? बोडका माळ होता इथे. मला आजीने सांगितलंय आणि आजीला तिच्या सासूने, म्हणजे खुद्द आमच्या पणजीने.

पेंटर : मग मावशी, वाडी वसली कशी?

ताई : रुसून.

पेंटर : आं?

ताई : आमची माणसं गाड्या भरून नदीपलीकडच्या काळ्या जमिनीकडे निघाली होती. या चढावर बैल दमले. ओझं कमी करायचं म्हणून थोरल्या जावेने पणजीच्या जात्याचा वरचा दगड खाली ढकलून दिला. विचारलं नाही, काही नाही. गेला तो गडगडत ओढ्यात, झाले दोन तुकडे! पणजी तरातरा गाडीतून उतरली आणि या इथे बसली. ‘माझं जातं होतं तसं करून द्या, मगच हलते.’

धाकटा : आता अख्खी वाडी एका बाईच्या फुगलेल्या गालांवर उभी आहे, असं लिहायचं का? शहरात माझा मुलगा चारचौघांना फोटो दाखवणार आहे याचा!

पेंटर : थांबा हो काका. समजूत नाही काढली कुणी?

ताई : सगळ्यांनी काढली. पणजोबाने पाया पडायचं तेवढं बाकी ठेवलं. पण बाई ढिम्म! रात्री उठून जेवायची, झोपायची, सकाळी पुन्हा दगडावर हजर. शेवटी पुरुष बसले नवा दगड घडवायला. तोवर बैलांना पाणी हवं म्हणून खणलं, तर गोड पाणी लागलं. सावली हवी म्हणून छप्पर घातलं. जातं तयार झालं तोवर इथली पेरणीसुद्धा उरकली होती!

पेंटर : आणि ती थोरली जाऊ?

ताई : ती रोज संध्याकाळी येऊन पणजीशेजारी गुपचूप बसायची. ‘चुकलं’ असं कधी म्हणाली नाही. पण नव्या जात्यावर पहिलं दळण दोघींनी मिळून दळलं. तेव्हापासून वाडीचा नेम आहे. या दगडावर कुणी रुसून बसलं, तर त्याला तसंच टाकून कुणाची गाडी पुढे जायची नाही.

धाकटा : मी बसलो होतो लहानपणी. भोवऱ्यासाठी.

ताई : सगळी वाडी खोळंबली होती! शेवटी मीच माझा भोवरा दिला तुला.

धाकटा : हं. बरं, चला. मुलाकडे पोचायला अंधार होईल. ताई, तुझ्या मागच्या दाराची कडी सैल झालीय, सुताराला सांगून ठेवलंय मी. निघतो.

ताई : जा. सांभाळून जा.

धाकटा : एवढंच?

ताई : आणखी काय? डबा दिलाय की.

पेंटर : अहो मावशी, तिथे नका बसू. फलकाचा खांब तिथेच पुरायचाय.

ताई : मी बसलेय.

धाकटा : ताई, ऊठ. या वयात शोभतं का हे?

ताई : पणजीला शोभलं.

धाकटा : अगं, पण हवंय काय तुला?

ताई : तेही मीच सांगू? नवरा गेल्यावर मला इथे परत कुणी आणलं? ‘शेजारी राहा, रोज सकाळी हाक मारीन’ म्हणालास. आता महिनाभर डोळ्यांदेखत खोकी भरतोयस. मी एक शब्द तरी बोलले का?

धाकटा : तेच तर! एक शब्द बोलली नाहीस! रोज एकच खोकं भरायचो मी. म्हटलं आज म्हणेल, उद्या म्हणेल, ‘राहा रे’. तर तू आपली सुतळी आणून द्यायचीस!

ताई : तू सुतळी मागायचास!

धाकटा : मागितली म्हणून द्यायची?

पेंटर : कमाल आहे तुमची!

धाकटा : सरक जरा.

ताई : कशाला?

धाकटा : मलाही बसायचंय.

पेंटर : घ्या! आता दोघंही बसल्यावर समजूत कुणी काढायची? मी? मी तर फलक रंगवायला आलोय!

ताई : ...राहा रे.

धाकटा : मुलाला काय सांगू?

ताई : सांग, आत्या दगडावर बसलीय. त्याला वाडीचा नेम ठाऊक आहे.

पेंटर : आणि माझ्या ‘शू’चं काय करायचं?

धाकटा : पुसा तो. लिहा, ‘ही वाडी रुसव्यातून वसली.’

पेंटर : छान. आणि खालची ओळ?

ताई : ती मागाहून बघू. आधी कपाट उतरवायला हात लाव, बाबा.