जुना झेंडा कोण उतरवतं

लुईस : ...आणि पुन्हा सांगतो विनी, मी रागावलेलो नाही.

विनी : मग पेला इतक्या जोरात का ठेवलास?

लुईस : पेला ठेवला की आवाज होतोच.

विनी : सकाळी चर्चमधली मिस्सा सुटल्यापासून सगळ्याच वस्तूंचा होतोय. फाटकाचा झाला, बुटांचा झाला. जेवताना तर बोंबलाचाही झाला.

लुईस : फादर मायकलनी वेदीवरून नाव पुकारायची काही गरज नव्हती. 'आपल्या धर्मग्रामातल्या नर्स विनी सिस्टर पूर्व तिमोरला, एका नव्या देशातल्या दवाखान्यात सेवेसाठी निघाल्या आहेत.' लगेच टाळ्या. देवळात टाळ्या!

विनी : लोकांना बरं वाटलं.

लुईस : वाटलंच. तो बस्त्याव, ज्याच्या तिन्ही पोरांना मी इतिहासात वर काढलं, तो बाहेर आल्यावर पाहुण्यांना माझी ओळख करून देतो, 'हे विनी सिस्टरचे मिस्टर.' चोवीस वर्षं या गावात मी लुईस सर होतो. एका मिस्सेत मिस्टर झालो.

विनी : मी तितकीच वर्षं 'सरांची मिसेस' आहे. मी कधी फाटक आपटलं नाही.

आई : (आतल्या खोलीतून, मोगऱ्याच्या कळ्या निवडता निवडता) लुईस, भांडन करायचं तर ओट्यावर जा रे. तुझ्या गरमीनं माझ्या कळ्या उमलतील.

लुईस : भांडण नाही आई, चर्चा आहे. फादर चहाला येतायत. लग्न झालेली बाई वर्षभर पाठवायची तर नवऱ्याला समोर बसवून विचारायचं, असा तो दवाखाना चालवणाऱ्या मठातल्या सिस्टरांचा नियम आहे म्हणे. तेव्हा चर्चा आत्ताच व्हायला हवी.

विनी : होऊ दे.

लुईस : शेरिलचं दहावीचं वर्ष आहे.

विनी : तिला विचारलं. म्हणाली, 'जा मम्मी, पप्पा आहेत की.'

लुईस : आणि वाडी? पहाटे फुलं खुडायला कोण उठणार?

विनी : बायजा येते ती कशाला? मी रात्रपाळीला असते तेव्हा काय फुलं दादरला जायची राहतात?

लुईस : आईचं इंजेक्शन? सकाळ-संध्याकाळ टोचायचं. मला सुई बघूनच घाम फुटतो, तुला माहीत आहे.

आई : मी घेते की.

लुईस : काय घेतेस?

आई : इंजेसन. पोटाला चिमटा काढायचा नि टोचायचं. उपवासकाळ लागला तेव्हापासून मीच घेते. विनीनं शिकवलं.

लुईस : इतके दिवस? आणि मला कुणी सांगितलं नाही?

आई : तू रोज विचारतोस, 'विनी, आईचं झालं का?' ती म्हनते, 'झालं.' झालेलंच असतं.

लुईस : आई, तुझं वय काय, डोळे काय. एखादा डोस चुकला की घरात गोंधळ. विनी, मी जाऊच नको म्हणत नाही. आत्ता नको, इतकंच म्हणतोय. घर अजून तयार नाही. शेरिलचा निकाल लागू दे, मग टप्प्याटप्प्यानं...

विनी : सर, एक शंका विचारू?

लुईस : हे सर काय नवीन?

विनी : तू ओट्यावर मुलांची शिकवणी घेतोस ती स्वयंपाकघरात ऐकू येते. वसाहतींवरचा तो मोठा प्रश्न कुठला? स्वातंत्र्य द्यायचं लांबवताना राज्यकर्ते काय कारणं सांगायचे?

लुईस : सोपा आहे. एक, हे लोक कारभार चालवायला अजून तयार नाहीत. दोन, आम्ही गेलो तर गोंधळ माजेल. तीन, स्वातंत्र्य द्यायचंच आहे, पण टप्प्याटप्प्यानं...

विनी : थांबलास का? चौथं पण सांगतोस तू.

लुईस : ...चार, आमच्याशिवाय यांना आहे कोण?

विनी : तेवढंच आज राहिलं होतं.

आई : पैकीच्या पैकी दे गो त्याला.

लुईस : हसा. हे घर आहे, मी काय इथं साम्राज्य चालवतोय?

विनी : नाही. म्हणून तर विचारते. शेरिल सोड, वाडी सोड, सुई सोड. खरं काय आहे?

लुईस : खरं तेच आहे.

विनी : गुरुवारी तू फादरकडे गेला होतास.

लुईस : कोण म्हणालं?

विनी : फादरच. दुसऱ्या दिवशी थेट हॉस्पिटलात आले. म्हणाले, 'विनी, लुईस सर सांगतात की तुझं जायचं मन नाही. तुझ्याऐवजी ते जायला तयार आहेत.' मी म्हटलं, 'माझं मन आहे, फादर.' म्हणून आज वेदीवरून नाव घेतलं. आणि म्हणूनच ते आज येतायत.

आई : लुईस! बायकोच्या नावानं खोटं बोललास? फादरपुढं?

लुईस : मी म्हटलं, ती द्विधा मनःस्थितीत आहे.

विनी : मी?

लुईस : त्यांनी मला काय उत्तर दिलं माहितीये? 'सर, तिथं दवाखाना उभा करायचाय, इतिहास नाही.'

विनी : फार लागलं का?

लुईस : लागणार नाही? इतकी वर्षं मी फळ्यावर देश स्वतंत्र करतोय. घाना, केनिया, अंगोला, मोझांबिक. रंगीत खडूंनी झेंडे काढतोय. खराखुरा झेंडा वर चढताना एकदाही पाहिला नाही. पासपोर्ट काढला, तो कपाटात कोराच संपला. आणि आता नव्या शतकातला पहिला देश जन्माला येतोय. तोही कुणाच्या तावडीतला? ज्यांचा किल्ला आपल्या उशाशी पडलाय, त्याच पोर्तुगिजांच्या. वसईतून चिमाजी अप्पांनी घालवले, गोव्यातून आपल्या फौजेनं घालवले, तिमोरमधून पंचाहत्तर साली गेले तर पाठोपाठ इंडोनेशिया येऊन बसला. लोकांनी स्वातंत्र्याला मत दिलं म्हणून त्यांची गावं जाळली. हे सगळं मला तोंडपाठ. आणि जाणार कोण? जिला परवापर्यंत तिमोर हे औषध वाटत होतं!

विनी : वाटलं होतं खरं. डोळ्यांत घालायचं.

लुईस : मी जळतो, विनी. झालं समाधान? दुसऱ्या कुणावर नाही, बायकोवर जळतो. तुझी ती नवी बॅग कपाटावर ठेवलीयस, झोप मोडली की तीच दिसते. तिच्यावरही जळतो.

आई : एवढं बोलायला दुपार घालवलीस.

विनी : आई, थांबा. लुईस, तुला मस्कत आठवतं?

लुईस : ते कुठलं जुनं काढलंस?

विनी : आपला थोरला नेव्हिल लहान होता. तिथल्या हॉस्पिटलनं मला नोकरीला निवडलं होतं. तू म्हणालास, आत्ता नको, पुढच्या वर्षी बघू. माझ्या जागी आमच्या वॉर्डातली हेलन गेली. तिनं घर बांधलं, आशीर्वादाला आपल्याला बोलावलं. तिच्या त्या गुळगुळीत लाद्यांवर पाय ठेवताना मला भीती वाटत होती. घरी आल्यावर आपल्या कोब्यावर मी तीन वेळा फडकं मारलं. कोबा काही चमकला नाही.

लुईस : तू कधी बोलली नाहीस.

विनी : आवाज न करताही जळता येतं, सर.

आई : फटफटी आली. फादरच ते. लुईस, सदरा घाल.

लुईस : विनी, एक मिनिट बस. ऐक. स्वातंत्र्याचा सोहळा मध्यरात्री आहे, वीस मे लागताना. सगळ्यांचे डोळे नव्या झेंड्याकडे असतील. तू जुन्याकडे बघ.

विनी : जुना म्हणजे पोर्तुगिजांचा?

लुईस : तो केव्हाच गेला. इंडोनेशियाचाही गेला. सध्या संयुक्त राष्ट्रांचा आहे, निळा. तो कोण उतरवतं, त्याची घडी कोण घालतं, आणि घडी घातल्यावर कुठं घेऊन जातात, तेवढं बघून ठेव. पुस्तकात फक्त नव्या झेंड्याचं चित्र असतं. पोरं विचारतात, 'सर, मग जुन्याचं काय झालं?' मला सांगता येत नाही.

विनी : बघेन. आणि नवा?

लुईस : नवाही बघ. पण फोनवर लगेच सांगू नकोस. एवढ्यात सोसणार नाही मला.

आई : अरे, पायरीवर उभे हायत ते.

लुईस : या फादर, या. बसा. नाही, विचारायचं काही उरलं नाही, ती जातेय. आणि गुरुवारचं माझं बोलणं मनावर घेऊ नका. द्विधा मनःस्थिती होती ती माझीच. तुम्ही बसा तर खरे. तू उठू नकोस विनी, फादरांशी बोल, चहा मी टाकतो. ...विनी, साखर कुठल्या डब्यात असते?

आई : सांगू नको गो. शोधू दे त्याला.