फ्रिजमधला हात

वकीलबाई : ते नंतर. आधी हे सांगा, निरीक्षक आत आला आणि सरळ फ्रिजकडे गेला?

दुकानदार : सरळ! शटर अजून अर्धंच वर होतं. वाकून आत शिरला, फ्रिज उघडून हात घातला आणि म्हणाला, ‘हा तर गरम आहे.’ झालं. थोड्याच दिवसांत मेडिकलचा परवाना रद्द. अहो, मला एका शब्दानं विचारायचं तरी!

वकीलबाई : विचारलं नाही, म्हणूनच कोर्टात जातोय आपण. म्हणणं न ऐकता परवाना रद्द केला, हा पहिला मुद्दा.

दुकानदार : आणि दुसरा, तो समोरचा मेडिकलवाला टकल्या. चुगली त्यानंच केली. आमचं दुकान त्याच्या डोळ्यांत खुपतं. लिहा तसं!

वकीलबाई : लिहिलंय. पण फ्रिज बंद आहे, हे त्याला पलीकडून कसं दिसलं?

दुकानदार : बंद कुठं? वीज गेली होती, सांगितलं ना!

वकीलबाई : मी वीज कार्यालयात विचारलं. वीज गेलेली नव्हती. माझ्यापासून काय लपवताय?

दुकानदार : लपवतोय कसलं... बरं, करायचो बंद. रात्री, आणि सुट्टीच्या दिवशी. इन्शुलिननं रात्रभर गारव्याला झोपायचं आणि बिल मी भरायचं?

वकीलबाई : हे कुणाकुणाला माहीत होतं?

दुकानदार : मला. आणि आमच्या सेल्समनला, तो काम सोडून गेला. टकल्यानं त्यालाच फितवलं असणार! मी म्हणत होतो, कुठंतरी पाणी मुरतंय.

वकीलबाई : आणि वहिनी, तुम्ही? दुकानातल्या फार्मासिस्ट तुम्ही. प्रतिज्ञापत्रावर तुमचीही सही लागणार. आल्यापासून गप्पच आहात.

बायको : समोरच्यांचं नाव काढा. मग करते सही.

दुकानदार : टकल्याचा पुळका कधीपासून आला तुला?

बायको : पुळका नाही. त्यांनी फोन केलेला नाही.

वकीलबाई : तक्रार फोनवरून झाली, हे तुम्हाला कोणी सांगितलं?

(बाहेरच्या खोलीत झेरॉक्सचं मशीन चालू आहे.)

दुकानदार : बोल ना. कोणी सांगितलं?

बायको : फोन मी केला.

दुकानदार : शुद्धीवर आहेस का? स्वतःच्या दुकानावर माणूस पाठवलास? आता खायचं काय आपण?

बायको : वाटलं, दम देतील, दंड करतील. परवानाच जाईल, असं नव्हतं वाटलं. मी सांगून थकले. तुम्ही म्हणायचात, तुझी डिग्री भिंतीवर शोभते, तिथंच राहू दे.

दुकानदार : ते चेष्टेत.

बायको : ताईंची साखर उतरत नव्हती, आठवतं? डॉक्टर डोस वाढवत होते. तुम्ही सख्ख्या बहिणीला चारचौघांत बोललात, चोरून गोड खातेस म्हणून. मीही बोलले. मग त्या दवाखान्यात पडल्या, आणि तिथं बाकावर बसल्या बसल्या माझ्या डोक्यात प्रकाश पडला. त्यांचं इन्शुलिन आपल्याच फ्रिजमधलं होतं. मला फार शरम वाटली हो.

वकीलबाई : दादा, पाणी घ्या थोडं. हे बघा, वीज गेली होती ते आणि समोरचे, दोन्ही खोडते. म्हणणं ऐकून घेतलं नाही, हे मात्र खरं आहे. तेवढ्यावर लढू. कोर्टानं विचारलं तर फ्रिजचं खरं सांगायचं. परवाना परत मिळेलच, असा शब्द देत नाही मी.

बायको : चालेल. पेन द्या.

दुकानदार : ताईला माहीत आहे हे?

बायको : नाही. काल भेटायला गेले, तर हात धरून म्हणाल्या, ‘यापुढं नीट पथ्य पाळीन गं. त्याला सांग, रागावू नकोस.’