पाठ कोणी पाहिली

दवाखान्यातल्या नोंदींच्या खिडकीपाशी रांगेत आजी तिसऱ्या होत्या. पुढे नणंद-भावजय.

"पेशंटच्या पाठीला पडून पडून जखम झालीय," आतला कारकून म्हणाला. "आजाराचा कोड टाकायचाय. येतानाच होती, की इथे झाली?"

"घरूनच आणली," नणंद म्हणाली. "वहिनीला कुठला वेळ आईला वळवायला."

"वन्सं, दर दोन तासांनी वळवत होते मी."

"मग जखम काय आभाळातून पडली?"

"घरची लिहू का?" कारकुनाने विचारलं.

"लिहा," भावजय म्हणाली. "किती जणांची समजूत घालू."

फाइल द्यायला आलेली वॉर्डातली सिस्टर थांबली. "लिहू नका. भरती करताना पाठ मीच पाहिली. स्वच्छ होती, पावडर लावलेली."

"सिस्टर, मग ती जखम तुमच्या वॉर्डाच्या नावावर जाईल."

"जाऊ दे. पहिले दोन दिवस आम्हीच वळवलं नाही त्यांना."

कारकुनाने तसा कोड टाकला.

भावजयीने घड्याळाकडे पाहिलं. आजींनीही पाहिलं, नवरा अंथरुणाला खिळला होता तेव्हापासूनची सवय.

"दोन वाजले. आईंची कूस बदलायचीय. वन्सं, येता हात लावायला?"

नणंद तिच्याबरोबर निघाली.

"कुठून धरायचं असतं?"