सोयरीक अन् पारसचा कॅमेरा

ना जी, ठेवा तो तागा खाली, तुमी कापड घ्यायले आलेच नाई — गिऱ्हाईक आधी भाव इचारते, तुमी उलटं करून काठ पाह्यला, म्हंजे तुमी सोता व्यापारी, अन् शेजारच्या मालेगावचे, अन् त्रिशलाचे पप्पा — बरोबर ना? लाजू नका शेठ, पोराले पाह्यले आपल्यात असंच येतात, रिंकूचं जमवाच्या आधी मीबी जावयाच्या दुकानातून उगीच कुलूप इकत आनलं होतं. बसा गादीवर, चहा येऊन राह्यला.

पारस? आमचं पोट्टं शंकरपटात गेलं, बैलायच्या शर्यतीत. बैल पाह्यले नाई जी, बैल तं सारेच पाह्यतात — हा त्या माइकवर बोलनाऱ्याले पाह्यते, दिवसभर वरडून मानूस घरी बायकोशी कोनत्या आवाजात बोलते, ते याले पायजे. फिलिम बनवते ना तो — हिरो-हिरोइनची नाई, डॉक्युमेंटरी. शेलूबाजारात राहून इतके वर्ष हेच — ट्रकच्या मागं नावं रंगवनारे, पावसाळ्यात बसून असनारे बॅन्डवाले — ज्यायच्याकडे कोनी पाहत नाई त्यायच्या घरी हा जेवते. जेवते म्हंजे बिनाकांद्याची खिचडी, तेवढं पाळते. शौक हाय, लग्न झालं का सुटते — असंच सांगा म्हनून रिंकूच्या मम्मीनं मले सकाळीच पढवलं. मले तं त्यातलं काई समजत नाई, लाइट कोनीकून मारा, तोंडावरची सावली कशी मोडा… आता हे मले कसं ठाऊक? घ्या, निघालं तोंडातून. होळीले तांड्यावर बंजारा लोकायच्या लेंगी गान्याचं शूटिंग होतं, याचा लाइटवाला आलाच नाई — मंग कोन उभं राह्यलं? मीच ना! घरी सांगतलं, अकोल्याले माल पाह्यले चाललो. तवापासून अकोल्याचा माल लय डाव पाह्यला म्या. हसू नका, अन् घरात बोलू नका.

तठी सेवादास गात होता, काय आवाज त्याचा! त्याच साली ऊसतोडीले गेला, तिकडंच वारला. मंग पुढच्या साली त्याची बायको सोनीबाई दुकानात आली, म्हने मले दावा. पारसनं मोबाइल हातात देल्ला, तुमी बसले तठीच बसली, एकडाव पाह्यलं, पुन्हा पाह्यलं, डोक्यावरचा पदर सारखा केला, अन् म्हने, ‘जिता होता तवा मीबी येवढं पाह्यलं नाई त्याले.’ दसऱ्याची गर्दी, गिऱ्हाईक उभं, म्या मोजाची पट्टी खाली ठेवली. खोटं कायले बोलू शेठ, जलमभर कापड इकलं, असा माल माह्या दुकानातून कधी गेला नाई.

काय म्हनता? जबान द्या — फेरे झाले का कॅमेरा बंद, पोट्टं गादीवर? व्हय, घर तुमचं मोठं, पोरगी गुनाची, अन् याच्याच पायी पह्यले दोन स्थळं वापस गेले — हे सांगाचं नव्हतं, पन सांगतलं. मंग देतो ना जी जबान, त्यात काय… लग्न झालं का पारस कॅमेरा…

तोंडातून नाई निघत शेठ. चहा घ्या. मालेगावची गाडी हायवेवर लागते, हात दाखवला का थांबते. जय जिनेंद्र.