चलानावरचा राजा

साकोलीच्या कोर्टात लोकअदालतीची रांग लागली होती. माझ्यापुढची बाई नवऱ्याच्या मोबाइलवर नो-पार्किंगच्या चलानाचा फोटो पाहत होती.

"अवो, गाडीपाशी हे तुमीच?"

"मीच तं. लाखनीत नाटक होतं, उशीर झाला. सोबत्याच्या घरीच तोंड रंगवलं, मुकुट घातला, आन जागा दिसली तिथं गाडी लावली."

"एवढा मोठा राजा!"

"हळू बोल. पूरा दंड भरनं आपल्याच्यानं होत नाई. इथं साहेब कमी करतेत, पन तेवढेबी आपल्यापाशी कुठं हायेत?"

"मंग?"

"मंग म्हनतो, हा मी नाईच. गाडी कोनीतरी मांगून नेली होती. या दाढी-मिशात मले कोन ओळखीन?"

"कंबरेले तलवारबी हाय!"

"लाकडाची हाय ते. तू आयकून राहिली का?"

"इतकी वर्सं नाटकं करता, मले एकदाबी नेलं नाई."

"ढोरं कोन पाह्यली असती?"

"पोलिसानं फोटो काढला, तवा दिसले मले."

"बरं, साहेबाले काय सांगू?"

"मुदत मागा. मी धानाच्या रोवन्याले मजुरीनं जाईन. पन माह्यासमोर या राजाले 'हा मी नाई' म्हनू नका."