बाबांनी आरसा घेतला नाही

अरे, माझ्या बाबांना तू शांत समजतोस ना? मग ऐक. परवा वॉटफर्डला जुन्या नकाशांच्या एक्झिबिशनला त्यांना घेऊन गेलो. तिथे काचेखाली एक तांब्याचा पत्रा होता, अगदी सुरुवातीच्या अमेरिकन भूगोलाच्या पुस्तकातल्या नकाशाचा. छापल्यावर सरळ यावं म्हणून सगळं उलटं कोरलेलं. वाचता यावं म्हणून गाइडबाई प्रत्येकाला छोटा आरसा देत होती. बाबांनी घेतलाच नाही.

"घ्या ना बाबा, ती थांबलीय," मी कुजबुजलो.

"कशाला?" म्हणाले, आणि काचेला नाक लावून सुरूच झाले. "ओहायो. केंटकी. टेनेसी." कुठे अडखळणं नाही! सांगलीच्या छापखान्यात शिशाचे खिळे, म्हणजे मराठी-इंग्रजी छपाईची उलटी अक्षरं, जुळवण्यात हयात गेलेली, त्यांना उलटं तेच सुलटं.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. मला वाटलं, बाबा खूश होतील. ते चक्क चिडले.

"सांग ह्यांना, टाळ्या मला नकोत. मला खिळे तयार मिळायचे. हा पत्रा करणाऱ्या माणसानं नदी अन् नदी हातानं उलटी कोरलीय."

मी ट्रान्सलेट करेपर्यंत बाबा त्या पत्र्याकडे बघून एकटेच टाळ्या वाजवायला लागले. गाइडबाईनं सगळे आरसे खाली ठेवले आणि तीही वाजवायला लागली.