भर उन्हातली गळती

आमच्या गावचा टँकर काऊन बंद झाला, सांगू? शाळेपायी!

शाळेच्या दुरुस्तीले सरकारचा पैसा आला होता, पण साहेबाले पाहणीत गळती दिसली तरच भेटन, असा नियम. शेजारच्या गावाची पाहणी झाली भर पावसात. त्याहिले भेटला. आमच्याकडं साहेब आले मे महिन्यात!

म्या म्हटलं, "साहेब, उन्हाळ्यात छत कसं गळन?"

"नियम सगळ्यांना सारखा आहे."

आमच्या शाळा समितीचे अध्यक्ष रहीमचाचा तापले. "साहेब, तुमी वर्गात उभे राहा. दाखवतोच तुमाले!" चाचा चढले छतावर, अन् आमी घरोघरचं टँकरचं पाणी बादल्यांनी वर पोचवलं. चाचांनी ओतलं, तशी खाली साहेबाच्या टकलावरच धार लागली.

साहेबानं रुमालानं डोकं पुसलं. "मंजूर!"

आमी टाळ्या वाजवल्या. गाडीत बसता बसता साहेबानं विचारलं, "गावाला टँकर येतो ना?"

"हाव, येते ना."

"छतावर ओतायला पाणी आहे, मग टँकर कशाला?"

"अहो साहेब, असं कसं?"

"नियम सगळ्यांना सारखा आहे."

तवापासून आमच्या गावात काहीच गळत नाही. छतही नाही, अन् टँकरही नाही.